विलास घोगरेंचं गाणं आणि आनंद पटवर्धन यांची पन्नास वर्षं

अनवट (धागाकर्ती)

माहितीपटकार आनंद पटवर्धन यांचा 'जय भीम कॉम्रेड' मी २०१३ साली पाहिला आणि त्यांचाच 'हमारा शहर' त्यानंतर चार वर्षांनी. क्रम उलटा झाला. 'हमारा शहर' १९८५ चा, मुंबईत झोपड्या पाडल्या जात होत्या तेव्हाचा. त्यात एक शाहीर गाऊ लागतो आणि मी बसल्या जागी ताठ झाले, कारण आवाज ओळखीचा होता. विलास घोगरे. ज्यांच्या मृत्यूची गोष्ट मी चार वर्षांपूर्वीच पाहून बसले होते, ते इथे तरुण वयात, भरल्या गळ्याने गात होते. मी चित्रपट तिथेच थांबवला आणि बराच वेळ नुसती बसून राहिले.

माहीत नसलेल्यांसाठी सांगते. ११ जुलै १९९७ ला सकाळी घाटकोपरच्या माता रमाबाई आंबेडकर नगरात बाबासाहेबांच्या पुतळ्याला चपलांचा हार घातलेला दिसला. लोक हमरस्त्यावर आले. राज्य राखीव पोलीस दलाच्या गोळीबारात दहा माणसं गेली. त्यानंतर काही दिवसांतच विलास घोगरेंनी मुलुंडच्या आपल्या झोपडीत जीवन संपवलं. डोक्याला निळी पट्टी बांधलेली होती. पटवर्धन त्यांना 'हमारा शहर'पासून ओळखत होते. डाव्या चळवळीत गाणाऱ्या या माणसाने शेवटी निळा रंग का बांधला, या एका प्रश्नामागे ते चौदा वर्षं कॅमेरा घेऊन फिरले. 'जय भीम कॉम्रेड' २०११ ला पूर्ण झाला.

पटवर्धनांबद्दल बोलताना लोक चित्रपटांची यादी देतात, पुरस्कार मोजतात, खटले मोजतात. मला त्या यादीपेक्षा हे परत जाणं मोठं वाटतं. एका माणसाचं गाणं आपल्या चित्रपटात घेतलं, तर त्या माणसाचं पुढे काय झालं हे विचारायची जबाबदारी आपल्यावर येते, असं मानून बारा वर्षांनी त्याच्या दारात जाणारे किती दिग्दर्शक असतील?

थोडी पार्श्वभूमी. जन्म १९५०, मुंबई. आई निर्मला पटवर्धन, शांतिनिकेतनात शिकलेल्या, मातीकामातल्या नामवंत कलावंत. काका म्हणजे नगरचे रावसाहेब आणि अच्युतराव पटवर्धन. बेचाळीसच्या भूमिगत लढ्यातले अच्युतराव जुन्या वाचकांना सांगायला नकोत. एल्फिन्स्टनमधून इंग्रजी साहित्य, मग शिष्यवृत्तीवर अमेरिकेत ब्रँडाइस विद्यापीठात समाजशास्त्र. तिथे ते व्हिएतनाम युद्धाविरुद्धच्या आंदोलनात उतरले, कॅलिफोर्नियात सीझर चावेझ यांच्या शेतमजूर संघटनेत स्वयंसेवक म्हणून राबले. परत आल्यावर मध्य प्रदेशात होशंगाबाद जिल्ह्यातल्या 'किशोर भारती'त काम केलं. पहिला मोठा माहितीपट हाती घेतला तो या सगळ्यानंतर.

आता माझा प्रश्न. त्यांचे बहुतेक माहितीपट कधी थिएटरला लागले नाहीत. तरीही आपल्यातल्या बऱ्याच जणांनी त्यातला एखादा तरी पाहिलाय. तुम्ही पहिला कोणता पाहिलात, कुठे, आणि कुणी दाखवला? तेवढं लिहा. नुसतं 'छान आहे' नको.

घाटकोपर_पूर्व

अनवटताई, लिहायचं की नाही ठरत नव्हतं. लिहितो.

मी तेव्हा नऊ वर्षांचा होतो. आम्ही पंतनगरात राहायचो, हायवेच्या अलीकडे. त्या दिवशी शाळेत गेलो नाही. आई दार लावून आम्हा दोघा भावांना जवळ घेऊन बसली होती. गोळ्यांचा आवाज मला आठवतो, असं मी कितीतरी वर्षं सांगत आलोय. आता तेवढी खात्री वाटत नाही. मोठ्यांच्या बोलण्यातून तो माझ्या कानात येऊन बसला असेल. वडील संध्याकाळी आले ते कुणाशी बोलले नाहीत, एवढं मात्र नक्की आठवतं.

'जय भीम कॉम्रेड' आमच्याकडे पडदा बांधून, मोकळ्या जागेत दाखवला. वस्तीतल्याच पोरांनी सगळं जमवलं होतं. तीन तासांहून लांब चित्रपट. बायका जेवणं उरकून, पोरांना मांडीवर घेऊन बसल्या होत्या. टँकर पेटवले जात होते म्हणून गोळी चालवावी लागली, असं पोलिसांचं म्हणणं होतं. चित्रपट तो दावा तपासत जातो, टँकर कुठे होता आणि माणसं कुठे पडली. आमच्याकडच्या लोकांना ते पहिल्यापासून माहीत होतं. पण आपण जे बारा-चौदा वर्षं ओरडून सांगतोय ते पडद्यावर कुणीतरी मांडतंय, हे पाहताना माझ्या शेजारच्या म्हाताऱ्या मावशी मान हलवत राहिल्या, 'हां, हां, हेच, हेच'. २००९ ला गोळीबाराचा आदेश देणाऱ्या उपनिरीक्षकाला सत्र न्यायालयाने जन्मठेप सुनावली. पुढे त्याला उच्च न्यायालयातून जामीन मिळाला. दहा घरांचं काय झालं ते मात्र चित्रपटातच पाहावं लागतं.

अजून एक. त्या चित्रपटात आमची गाणी आहेत. जलसे, कव्वाली, भीमजयंतीच्या रात्री स्टेजवर म्हटली जाणारी गाणी. आमच्या घरी वामनदादा कर्डकांची गाणी वडिलांच्या तोंडी असायची, पण शाळेच्या पुस्तकात ती कधी आली नाहीत, टीव्हीवर आली नाहीत. मोठ्या पडद्यावर, चांगल्या आवाजात, कुणाची टर न उडवता ती पहिल्यांदा ऐकली ती त्या रात्री. आणि शिवाजी पार्कच्या आसपासची शिकलेली माणसं ६ डिसेंबरच्या गर्दीबद्दल जे बोलतात तेही त्याच चित्रपटात आहे. ते ऐकताना आमच्याकडे कुणी शिव्या दिल्या नाहीत. शांतता पसरली. तसल्या शांततेत बसायला फार त्रास होतो.

सोळा मिमी

घाटकोपर_पूर्व, तुमचा प्रतिसाद दोनदा वाचला.

माझं वय ७१. ऐंशीच्या दशकात आमच्या जिल्ह्याच्या गावी फिल्म सोसायटी चालवायचो. 'कुणी दाखवला' याचं उत्तर माझ्या बाबतीत 'मीच' असं आहे. 'हमारा शहर'ची सोळा मिलिमीटरची प्रिंट मुंबईहून एसटीने आणली. डबे मांडीवर घेऊन बसलो होतो, कारण टपावर टाकायची हिंमत झाली नाही. प्रोजेक्टर एका शाळेचा होता. दुसऱ्या रिळाला प्रोजेक्टरचा दिवा गेला. दुसरा दिवा नव्हता. एक जण सायकलवरून तालुक्याच्या फोटो स्टुडिओत गेला, तोवर साठ-सत्तर माणसं अंधारात बसून मुंबईच्या झोपड्यांवर वाद घालत राहिली. पाऊण तासाने दिवा आला. उठून कुणी गेलं नव्हतं.

आजच्या मुलांना कळावं म्हणून थोडं तांत्रिक लिहितो. सोळा मिमीचं चारशे फुटांचं रीळ कॅमेऱ्यात घातलं की सुमारे अकरा मिनिटं चित्रण होतं. मग रीळ बदलायचं. प्रत्येक फुटाला पैसे, धुलाईला पैसे, प्रिंटला पैसे. आवाज वेगळ्या यंत्रावर, तो नंतर जुळवायचा. त्यामुळे कॅमेरा सुरू करण्याआधी माणूस दहादा विचार करायचा. पटवर्धनांच्या जुन्या चित्रपटांत बोलणाऱ्याला पुरतं बोलू दिलेलं दिसतं, तेव्हा लक्षात घ्या, ते ऐकून घेणं फार महाग होतं.

सुरुवात तर याहून अवघड. १९७४ ला ते बिहारमध्ये जयप्रकाश नारायण (जेपी) यांच्या आंदोलनात गेले. ४ नोव्हेंबरच्या पाटण्याच्या मोर्चात पोलिसी दंडेली होणार हे दिसत होतं, त्याचा पुरावा असावा म्हणून चित्रण करायचं ठरलं. हाती आला तो उसना सुपर एट (आठ मिमीचा, घरगुती वापराचा) कॅमेरा, आणि मुदत उलटून गेलेली फिल्म. सुपर एटचं चित्रण पडद्यावर दाखवून ते पुन्हा सोळा मिमीवर उतरवलं. त्यातून 'क्रांती की तरंगें' झाला. तो नीट दाखवायला लागेपर्यंत जून १९७५ ला आणीबाणी आली. मग प्रिंटचे तुकडे केले, ते वेगवेगळ्या लोकांबरोबर देशाबाहेर पाठवले आणि तिकडे पुन्हा जोडले. मी स्वतः स्प्लायसरवर (फिल्म जोडायच्या यंत्रावर) तुटलेल्या प्रिंटा जोडल्यात. एक जोड चुकला तर पडद्यावर चित्र उडतं, हे मला माहीत आहे. मुद्दाम तुकडे करून, सगळे परत एकत्र येतील या भरवशावर सोडून देणं म्हणजे काय, याचा मी आजही विचार करतो.

आणीबाणी उठल्यावर राजकीय कैद्यांवर 'जमीर के बंदी' केला, १९७८. तो बघायला मिळाला तर सोडू नका. सरकार बदललं तरी आत असलेले सगळे बाहेर आले नव्हते, हे त्यांनी तेव्हाच सांगितलं होतं. ज्या आंदोलनाबरोबर आपण चाललो, त्यातली माणसं सत्तेवर आल्यावरही प्रश्न विचारायचे, ही सवय तिथपासूनची आहे.

फ्रेझरकाठी

मी कॅनडात, ब्रिटिश कोलंबियात राहतो. इथे येऊन सहा वर्षं झाली तरी मला ठाऊक नव्हतं की पटवर्धनांचा एक चित्रपट माझ्या घरापासून वीस मिनिटांवरच्या शेतांवर झालाय. आमच्या शेजारच्या पंजाबी आजोबांनी दाखवला, त्यांच्या दिवाणखान्यात.

'ए टाइम टू राइझ', पंजाबीत 'उठण दा वेला', १९८१ चा, जिम मन्रो यांच्याबरोबर केलेला. तेव्हा पटवर्धन माँट्रियलला मॅकगिल विद्यापीठात शिकत होते. इथल्या फळबागांत आणि भाजीच्या शेतांत राबणारे पंजाबी आणि चिनी मजूर, त्यांचे कंत्राटदार, राहायची अवस्था, फवारणीच्या औषधांचा त्रास, आणि त्यातून १९८० मध्ये उभी राहिलेली कॅनेडियन फार्मवर्कर्स युनियन. या युनियनचे संस्थापक अध्यक्ष राज चौहान पुढे ब्रिटिश कोलंबियाच्या विधानसभेचे अध्यक्ष झाले, २०२० मध्ये. कॅलिफोर्नियात चावेझ यांच्याकडे जे शिकले ते दहा वर्षांनी आपल्याच देशातून आलेल्या मजुरांच्या कामी आलं, असं मी या चित्रपटाकडे पाहतो.

आजोबा चित्रपट चालू असताना मध्येच पडद्याकडे बोट करून माणसांची नावं सांगत होते. हा गेला, ही अजून आहे, याचा मुलगा आता डॉक्टर आहे. आपण मराठी माणसं इथे बहुतेक संगणकाच्या नोकऱ्यांवर आलो. आपल्या आधी आलेल्यांनी मातीत काय सोसलं ते मला त्या दिवसापर्यंत माहीत नव्हतं. लाज वाटली.

सडेतोड

वेगळं मत मांडतो, राग मानू नका.

मी अयोध्या आंदोलनावरचा 'राम के नाम' पाहिलाय, 'जंग और अमन' पाहिलाय, आणि 'विवेक'चे बरेच भाग पाहिलेत. मेहनत अफाट आहे, धाडस आहे, वादच नाही. पण मला दोन गोष्टी खटकतात. पहिली, दिग्दर्शकाची बाजू पहिल्या मिनिटाला कळते, त्यामुळे ज्यांना पटवायला हवं ते उठून जातात आणि ज्यांना आधीच पटलंय ते टाळ्या वाजवतात. दुसरी, रस्त्यावरच्या साध्या कार्यकर्त्याला प्रश्न विचारून त्याची फजिती टिपणं मला बरोबर वाटत नाही. अयोध्येला निघालेल्या एखाद्या पोराला 'रामाचा जन्म कधी झाला' असं विचारलं, त्याला सांगता आलं नाही, यात त्याचा काय दोष? त्याला कुणी शिकवलं नाही, हा दोष इतरांचा. मी अशाच घरातला आहे. माझा मोठा भाऊ १९९० ला जायला निघाला होता. तो अडाणी नव्हता आणि वाईट तर मुळीच नव्हता.

अनवट

सडेतोड, राग अजिबात नाही. भावाबद्दल लिहिलंत ते बरं झालं.

पहिल्या मुद्द्यावर मी तुमच्याशी सहमत नाही. ते बाजू लपवत नाहीत, हे मला प्रामाणिकपणाचं वाटतं. लहानपणी थिएटरात मुख्य चित्रपटाआधी सरकारी फिल्म्स डिव्हिजनच्या फिती बघाव्याच लागायच्या. भारदस्त आवाजातला निवेदक धरण किती उंच ते सांगायचा. त्यात धरणाखाली गेलेलं गाव नसायचं. तीही एक बाजूच होती, फक्त ती बाजू आहे असं कुणी सांगत नव्हतं.

दुसऱ्या मुद्द्यावर मात्र मी बराच विचार केला आणि मला तुमचं थोडं पटतं. तशी दृश्यं मलाही बोचतात. पण त्याच 'राम के नाम'मध्ये पुजारी लालदास आहेत. न्यायालयाने नेमलेले, रामजन्मभूमीच्या मंदिराचे पुजारी. शांतपणे बसून सांगतात की हे सगळं मतांसाठी आणि पैशासाठी चाललंय, याचा रामाशी संबंध नाही. चित्रपट १९९२ चा, बाबरी पडण्याआधीचा. नोव्हेंबर १९९३ मध्ये लालदासांची हत्या झाली. त्या चित्रपटात सगळ्यात मोठा धार्मिक माणूस तेच आहेत, आणि दिग्दर्शक त्यांच्यासमोर किती अदबीने बसलाय ते पाहा.

आणि 'हमारा शहर'मधला तो प्रसंग. झोपडी गेलेली, मूल गेलेलं, अशी एक बाई कॅमेऱ्याकडे बघून चित्रपट करणाऱ्यालाच फटकारते. आमची चित्रं काढून तुम्ही नाव कमावणार, आमचं काय, असा तिचा रोख आहे. त्यांनी तो प्रसंग काढून टाकला नाही. आपल्यावरचा आरोप आपल्याच चित्रपटात ठेवून पुढे चाळीस वर्षं काम करत राहायचं म्हणजे रोज त्या बाईला उत्तर देण्यासारखं आहे. त्या चित्रपटाला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला तेव्हा तो घ्यायला त्यांनी घर पाडलं गेलेल्या एका बाईंना पाठवलं. १९८६ ला कफ परेडच्या संजय गांधी नगरातल्या लोकांना हुसकावलं तेव्हा शबाना आझमींबरोबर उपोषणाला बसले, आणि त्या लोकांना गोरेगावात पर्यायी जागा मिळाली.

काळा कोट

धागा उत्तम चाललाय. कोर्टाची बाजू राहायला नको.

पाया असा की १९५२ च्या सिनेमॅटोग्राफ कायद्यानुसार सार्वजनिक प्रदर्शनाला प्रमाणपत्र लागतं. याला पहिलं मोठं आव्हान दिलं ते ख्वाजा अहमद अब्बास यांनी, तेही एका माहितीपटापायीच. चार शहरांवरच्या त्यांच्या छोट्या चित्रपटाच्या निमित्ताने १९७० ला सर्वोच्च न्यायालयाने ठरवलं की चित्रपटांची पूर्वतपासणी घटनेत बसते. ते दार तिथेच बंद झालं.

पटवर्धनांनी दुसरं दार ठोठावलं. चित्रपटाला प्रमाणपत्र आहे, सरकारनेच राष्ट्रीय पुरस्कार दिलाय, मग सरकारचंच दूरदर्शन तो दाखवायला नकार कसा देतं? हा साधा प्रश्न घेऊन ते एकामागून एक चित्रपटासाठी न्यायालयात गेले. 'हमारा शहर'साठी, भगतसिंगांची आठवण घेऊन पंजाबात फिरणाऱ्या 'उन मित्रां दी याद प्यारी'साठी, 'राम के नाम'साठी. प्रत्येक वेळी वर्षं गेली आणि प्रत्येक वेळी प्रक्षेपण झालं.

वकील म्हणून मला 'पितृ, पुत्र और धर्मयुद्ध'चा निकाल सगळ्यात महत्त्वाचा वाटतो. १९९५ चा चित्रपट, दोन भागांत. पहिल्याला 'यू' (सगळ्यांसाठी), दुसऱ्याला 'ए' (फक्त प्रौढांसाठी) प्रमाणपत्र. दूरदर्शनचा एक युक्तिवाद असा की 'ए' चित्रपट आम्ही दाखवत नाही. २५ ऑगस्ट २००६ ला सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की चित्रपट सगळाच्या सगळा पाहून मत बनवा, एखादा प्रसंग उचलून नव्हे, आणि आठ आठवड्यांत प्रक्षेपण करा. अकरा वर्षं! या काळात विषय शिळा व्हावा, दिग्दर्शक थकावा, यावरच अशा नकारांची भिस्त असते. ते थकले नाहीत.

'जंग और अमन'च्या वेळी तर सेन्सॉरने पुढाऱ्यांची भाषणं आणि दृश्यंच काढायला सांगितली होती, ज्यात पंतप्रधानही आले. अणुचाचण्यांवरच्या चित्रपटातून पुढारी काढल्यावर उरतं काय? २००३ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने एकही काट न देता प्रमाणपत्र द्यायला लावलं. त्याच सुमारास मुंबईच्या सरकारी माहितीपट महोत्सवात भारतीय चित्रपटांना सेन्सॉर प्रमाणपत्र सक्तीचं करायचा घाट घातला गेला. त्याविरुद्ध देशभरचे माहितीपटकार एकत्र आले, आणि फेब्रुवारी २००४ मध्ये प्रभादेवीच्या भूपेश गुप्ता भवनात त्यांनी स्वतःचा महोत्सव भरवला, 'विकल्प' नावाने. मी तेव्हा विद्यार्थी होतो, पायऱ्यांवर बसून चित्रपट पाहिलेत. माझ्यासाठी 'कुणी दाखवला' याचं उत्तर ते.

रानजाई

'पितृ, पुत्र'चा उल्लेख आला म्हणून लिहिते. त्या चित्रपटाबद्दल कमी बोललं जातं आणि मला तो सगळ्यांत खोल वाटतो. राजस्थानातल्या देवराळाचं सतीप्रकरण, १९९२-९३ च्या मुंबईतल्या दंगली, आणि रस्त्यावर मर्दानगीची औषधं विकणारे, हे सगळं एका धाग्यात ओवलंय. दंगलीची चर्चा नेहमी धर्मावर येऊन थांबते. पुरुषपणाची भीती, 'आपण नामर्द ठरू' ही भीती त्यात किती असते हे मला त्या चित्रपटाने दाखवलं. मी दोन मुलांची आई आहे. घरात 'मुलींसारखा रडतोस काय' हे वाक्य त्या दिवसापासून बंद केलं, आजीलाही सांगून टाकलं.

मी पुण्यात राहते. २० ऑगस्ट २०१३ ला सकाळी ओंकारेश्वराजवळच्या पुलावर डॉ. दाभोलकरांना गोळ्या घातल्या, त्या पुलावरून मी रोज कामाला जायचे. 'विवेक' तिथून सुरू होऊन कॉम्रेड पानसरे, डॉ. कलबुर्गी, गौरी लंकेश, रोहित वेमुला असा जातो. २०१८ ला ॲमस्टरडॅमच्या माहितीपट महोत्सवात त्याला सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा पुरस्कार मिळाला. २०१९ ला केरळच्या महोत्सवात दाखवायला केंद्राने सेन्सॉर प्रमाणपत्रातून सवलत नाकारली, तेव्हा केरळ उच्च न्यायालयाच्या परवानगीने तो दाखवावा लागला.

मी एका महाविद्यालयात शिकवते. तिथे आम्ही त्यातला पानसरेंचा भाग दाखवायचं ठरवलं होतं. आदल्या दिवशी संध्याकाळी फोन आला, 'मॅडम, वातावरण बरं नाही, पुढे बघू'. ते 'पुढे' आलं नाही. मग सात मुली माझ्या घरी आल्या, लॅपटॉपभोवती कोंडाळं करून बसल्या. त्यातली एक कोल्हापूरची होती. तिच्या घरी 'शिवाजी कोण होता?' हे पानसरेंचं पुस्तक आजोबांच्या कपाटात होतं, पण वाचलं नव्हतं. सुट्टीत वाचून आली.

तळोदा

आमच्याकडचं कुणी लिहिणार नाही म्हणून लिहितो. 'नर्मदा डायरी', १९९५, सिमंतिनी धुरू यांच्याबरोबर केलेला. सरदार सरोवरात बुडालेलं महाराष्ट्राचं पहिलं गाव मणिबेली, अक्कलकुवा तालुक्यातलं. तेव्हा आमचा जिल्हा धुळे होता. पाच वर्षं ते लोक येत-जात राहिले. मी प्राथमिक शिक्षक. पुनर्वसन वसाहतीतल्या पोरांना शिकवलं. त्यांच्यापैकी एकाने मोबाईलवर मला हा चित्रपट दाखवला. आपलं जुनं घर, आपली नदी, आपली होळी त्याने पहिल्यांदा त्यात पाहिली, कारण तो जन्मला ते वसाहतीत. 'गुरुजी, हे आमचं' एवढंच म्हणाला.

गिरणगाव

'ऑक्युपेशन: मिलवर्कर', १९९६. छोटा आहे, वीस-बावीस मिनिटांचा. न्यू ग्रेट ईस्टर्न मिल चार वर्षं टाळेबंदीत, आणि कामगारांनी आत घुसून ताबा घेतला. माझे वडील त्या मिलमध्ये नव्हते, पण गिरणी कामगारच. मी त्यांना दाखवला. मशीनचा आवाज सुरू झाला तेव्हा त्यांनी आवाज वाढवायला सांगितला.

सडेतोड

अनवट, काळा कोट, वाचलं. लालदासांची मुलाखत काल रात्री पुन्हा पाहिली, भावाबरोबर. तो आता ६२ चा आहे. तो काय म्हणाला ते इथे लिहिणार नाही, ते त्याचं आहे. पण पूर्ण पाहिली, मध्ये उठला नाही. माझा पहिला मुद्दा मागे घेतो. दुसरा ठेवतो.

एक भर. जानेवारी २०२४ मध्ये हैदराबादला हाच चित्रपट एका जागी दाखवत होते म्हणून पोलिसांनी आयोजकांना अटक केली. सेन्सॉरचं प्रमाणपत्र असलेला, राष्ट्रीय पुरस्कार मिळालेला, दूरदर्शनवर लागून गेलेला चित्रपट! माझं मत काही असो, हे चूक आहे.

अनवट

सडेतोड, दुसरा मुद्दा जरूर ठेवा. मीही ठेवलाय.

शेवटच्या चित्रपटाबद्दल कुणी लिहिलं नाही. 'वसुधैव कुटुंबकम्', २०२३. आई-वडील थकले तेव्हा पटवर्धनांनी घरच्या घरी त्यांचं चित्रण करून ठेवलं होतं, चित्रपट करायचा म्हणून नव्हे. आई मूळची सिंधमधल्या हैदराबादची. वडिलांचं नाव वासुदेव. दोघांच्या बोलण्यातून फाळणी येते, बेचाळीस येतं, काका येतात, आणि त्या दोघांची एकमेकांची थट्टाही येते. आयुष्यभर दुसऱ्यांच्या दारात कॅमेरा नेणारा माणूस शेवटी स्वतःच्या स्वयंपाकघरात बसलेला दिसतो. माझे आई-वडील गेले. त्यांचं एकही मिनिट मी टिपून ठेवलं नाही. तो चित्रपट मी सलग पाहू शकले नाही.

इथलं सगळं वाचून एक ठरवलंय. आमच्या सोसायटीच्या हॉलमध्ये, दादरला, पुढच्या महिन्यातल्या एका रविवारी 'हमारा शहर' दाखवायचा. अध्यक्षांशी बोलले. आधी 'कशाला' म्हणाले, मग म्हणाले की १९८५ ला ते स्वतः महापालिकेत नोकरीला होते. येणार आहेत. प्रोजेक्टर मिळालाय, पडदा आहे. आवाजाचं काही जमलेलं नाही. घाटकोपर_पूर्व, तुम्ही याल का? नंतर गाण्यांबद्दल चार शब्द बोललात तर फार बरं होईल.

घाटकोपर_पूर्व

येतो. बोलणार नाही जास्त. वडिलांना घेऊन येतो, ते गातील.

सोळा मिमी

स्पीकर माझ्याकडे आहेत, दोन. शनिवारीच मुंबईत मुलाकडे येईन. हॉलमध्ये आवाज घुमतो, मागच्या भिंतीला जाड चादरी लावून ठेवा. आणि प्रोजेक्टरचा एक जास्तीचा दिवा जवळ असू द्या.